पलीकडे नेलेले सात

‘पलीकडे नेलं’ हे शब्द ऐकले की शकीला मॅडम हातातला खडू खाली ठेवायच्या. दारव्ह्याच्या आमच्या शाळेत त्या आठवीला गणित शिकवायच्या आणि मी विज्ञान. फळ्यावर ‘३x + ७ = २२’ असायचं. एखादा पोरगा म्हणायचा, "सात पलीकडे नेले, चिन्ह बदललं."

"कोन्या जीपमंदी बसवून नेले?" मॅडम विचारायच्या. "इकडून तिकडे गेलं का चिन्ह बदलते, ते निवडणुकीत, बेटा. इथं कोणी कुठं जात नाही. दोन्ही बाजूंतून सात काढ."

त्यांच्या वडिलांचं सायकल दुरुस्तीचं दुकान होतं. तिथलं वाक्य त्यांनी थेट गणितात आणलं होतं: "जे शेवटी कसलं, ते पयले खोलायचं. एक्सले आधी तिनानं गुणलं, मंग सात मिळवले. आता पयले काय खोलशील?" पोरं आधी सात काढायची, मग दोन्ही बाजूंना तिनाने भागायची. पाच आले की मॅडम म्हणायच्या, "आता पाच घालून पाय, चाक फिरते का."

गेल्या वर्षी चाचणीत बेरजेच्या एका समीकरणाला एका मुलीने नुसतं ‘पलीकडे नेले’ असं लिहिलं. उत्तर बरोबर होतं, तरी मॅडमनी गुण कापले. तिचे वडील मुख्याध्यापकांच्या खोलीत आले. मीही तिथेच बसलो होतो.

"उत्तर बरोबर हाये ना? मंग मार्क काहून कापले?"

मॅडमनी मुलीला बोलावलं आणि कागदावर ‘३x = १५’ लिहून दिलं. तिने तीन पलीकडे नेले, चिन्ह बदललं, पंधरातून वजा केले. उत्तर लिहिलं बारा.

"इची चूक नाही," मॅडम म्हणाल्या. "इले नियम देल्ला, कारण नाही देल्लं."

वडील म्हणाले, "पण क्लासमंदी असंच शिकवतेत."

आणि मुख्याध्यापक म्हणाले, "मॅडम, पालकांना वेग हवा असतो."

त्या बारावर कोणी एक शब्द बोललं नाही. चूक डोळ्यांसमोर कागदावर पडलेली, आणि शिक्षा ती दाखवणाऱ्या बाईंना! जूनपासून त्यांना पाचवी दिली. आठवीचं गणित मला दिलं, आणि मी ते घेतलं.

मॅडम माझ्यावर चिडल्या नाहीत. चिडल्या असत्या तर बरं झालं असतं. "घेतला वर्ग ते ठीक केलं, सर," एवढंच म्हणाल्या. "पण पोरायले कारण सांगत जा."

महिनाभर मी सांगितलं. मग एके दिवशी मुख्याध्यापक वर्गाच्या दारात येऊन उभे राहिले आणि घड्याळाकडे पाहू लागले. मी घाईघाईने सात उजवीकडे लिहिले आणि वजाचं चिन्ह केलं.

पहिल्या बाकावरच्या मुलीने विचारलं, "सर, वजा कायले झालं?"

"नियम आहे," मी म्हणालो.

तिने मान डोलावली आणि लिहून घेतलं.