कोशात नसलेलं नाव

मोबाइलवर सापडणाऱ्या बाळांच्या नावांवर माझा काडीचा विश्वास नाही. तिथे प्रत्येक नाव संस्कृत असतं आणि दर तिसऱ्या नावाचा अर्थ 'देवाची देणगी' असतो. सावनेरच्या शाळेत मी उभा जन्म संस्कृत शिकवलं. जुने विद्यार्थी अजूनही बारशाआधी नाव तपासायला पाठवतात. मी कोश उघडतो आणि बहुतेकांचा विरस करतो.

बाळंतपणाला घरी आलेल्या माझ्या लेकीनेच मुलीसाठी असलं नाव मोबाइलवर दाखवलं, तेव्हा माझ्या मनात पाल चुकचुकली. 'संस्कृत. अर्थ, पहाटेचा पहिला किरण.' उच्चार ऐकायचं बटणही होतं. दाबलं, तर कोणी बाई तोंडात गरम बटाटा धरल्यासारखं ते नाव बोलली. मी तीन कोश चाळले. नाव कुठेच नाही. मला तर जावयाचाच संशय आला. बुटीबोरीच्या कारखान्यातल्या कोण्या दोस्ताने त्याला सुचवलं असणार.

बारशाच्या आदल्या दुपारी मी कोश घेऊन लेकीजवळ गेलो. ती बाळाला थोपटत होती.

"हे नाव कोणं काढलं वं? असा शब्दच नाही."

"मीच काढलं बाबा. मले आवडलं."

"आवडून काय होते? पोरगी उद्या अर्थ विचारन, तवा काय सांगशीन?"

घुगऱ्यांसाठी हरभरे भिजवणारी बायको आतून ओरडली, "तिची पोरगी, ते पाहून घेईन! तुमी काहून मधात पडून राहिले?"

लेक मात्र शांतपणे म्हणाली, "तुमी मले माह्या नावाचा अर्थ सांगितला, तसाच सांगीन. तुमच्या कोशात तो नाही. आठवीत होती तवाच पाह्यलं मी."

तिचं नाव मी कोण्या लग्नपत्रिकेवर वाचलं होतं. 'न विझणारी ज्योत' हा अर्थ माझ्याच मनाचा. हे मला एकट्यालाच ठाऊक आहे, असं मी इतकी वर्षं समजत होतो.

"मंग बोलली काहून नाही?"

"इतक्या लाडानं सांगत होते तुमी."

मी कोश मिटला. फार लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी आत्याने बाळाच्या कानात तेच नाव सांगितलं. घुगऱ्या खाताखाता शेजाऱ्याने विचारलं, "सर, हे नाव कुठचं? अर्थ काय होते याचा?"

सगळे माझ्याकडे पाहू लागले. लेकही.

"संस्कृत," मी म्हणालो. "पहाटेचा पहिला किरण."