आला की आली

माझ्या वहिनीच्या आत्याइतकी मेलेल्या माणसांत रमणारी बाई अख्ख्या रायपुरात झाली नसेल. जिवंतांशी तिचं फारसं जमतच नसे. कॉलेजात इतिहास शिकवून निवृत्त झाली आणि तात्यापाऱ्यातल्या घरात जुने ग्रीक ग्रंथ उघडून बसली, ती उठलीच नाही. ख्रिस्ती धर्माच्या अगदी सुरुवातीच्या एका पत्रात, प्रेषितांमध्ये नावाजलेली म्हणून एका बाईचा उल्लेख आहे. एवढा मान बाईला कसा मिळेल, म्हणून पुढच्या विद्वानांनी नावावरचं एक चिन्ह इकडचं तिकडे करून तिला पुरुष करून टाकलं. तिला पुन्हा बाई करून देणं, हेच आत्याचं काम. आम्ही जेवायला गेलो की एक ताट जास्तीचं वाढलेलं असे. "कोण येणार आहे, आत्या?" असं विचारलं की वरणावर तूप सोडत ती म्हणे, "मले काहून विचारून राहिला? तिले विचार ना!" आणि भर उन्हाळ्यात माझ्या अंगावर काटा येई.

सदर बाजारात तर तिने माझ्यादेखत त्या बाईसाठी हिरव्या बांगड्या मागितल्या. दुकानदाराने माप विचारलं. "नाप कहाँ से लाऊँ, भैया? उसको गए दो हज़ार साल हो गए," ही अगदी शांतपणे. त्याने मुकाट्याने बांगड्या बांधून दिल्या आणि आमची पाठ वळताच उदबत्ती लावली.

घरी कामाला येणाऱ्या बाई छत्तीसगढी बोलत. एका दुपारी त्या म्हणाल्या, "कोनो आय रिहिस, दीदी. तोला पूछत रिहिस." आत्या ताडकन उठली. "आला होता की आली होती?" आता छत्तीसगढी क्रियापदाला बाई-पुरुष ठाऊक नाही, 'आय रिहिस' दोघांनाही चालतं. "मुड़ ला ढाँके रिहिस," डोकं झाकलेलं होतं, एवढंच त्यांना सांगता आलं. दाराबाहेर कोणीच नव्हतं, फक्त पायरीवर ऊन. आत्या मात्र खुशीत होती. "पाह्य, ग्रीकमध्ये असंच झालं तिचं! मराठीत तिले लपता येत नाही. मी 'आली' लिहिलं, त ती आलीच." मग आवाज उतरला. "पण मी गेल्यावर तिले बाई कोण म्हणीन रे?"

गेल्या हिवाळ्यात आत्या गेली. पुस्तक अर्धंच राहिलं. दुसऱ्या दिवशी दुपारी गल्लीच्या तोंडाशी असलेल्या मराठी मंडळाच्या फळ्यावर, आद्याक्षरं आणि आडनावापुढे, लिहिलेलं दिसलं: 'ज्येष्ठ संशोधक गेले.' लिहिणाऱ्याला वाटलं असणार, एवढा विद्वान म्हणजे पुरुषच. मला संताप आला आणि रडूही. मी समोरच्या दुकानातून खडू घेऊन आलो, तर 'गेले'चं 'गेल्या' झालेलं. अक्षर बारीक, अनोळखी. खडूची भुकटी अजून खाली झरत होती. गल्लीत चिटपाखरू नव्हतं. मंडळात नंतर सगळ्यांना विचारलं, कोणीच हो म्हणालं नाही.

खडू हातात धरून मी बराच वेळ फळ्यासमोर उभा होतो. भीती वाटत होती, पण त्याहून जास्त वाटत होतं की धावत जाऊन हे आत्याला सांगावं.