सिनेमातली सावत्र आई आणि आमच्या देव्हाऱ्यातला टाक

मंडळी, आत्ताच साताऱ्याहून अन्वीसोबत सिनेमा बघून घरी लोणंदला आलेय. डोकं लय तापलंय.

मी अन्वीची सावत्र आई. तिची आई वारल्यावर या घरात आले.

सिनेमातल्या नव्या आईनं येताच पहिलीचा फोटो भिंतीवरून उतरवला. थेटरात शेजारच्या खुर्चीवरची बाई पुटपुटली, "या असल्याच असतात."

अन्वी थेट तिच्याकडं वळली. "आवं काकू, आमच्या देव्हाऱ्यात माझ्या आईच्या नावाचा चांदीचा टाक हाय. ही मावशीच रोज त्याला आंघोळ घालून कुंकू लावती."

शेवटी पडद्यावरची पोरगी नवीला 'आई' म्हणाली. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

अन्वी मला मावशीच म्हणते. असं घर कुठल्या सिनेमात बघितलंय का तुमी?

आणि ती मावशीच म्हणणार. तिला आई आहे. मी तिची जागा घ्यायला नाही, तिची लेक वाढवायला आलेय.