वाल्मीकचा तिसरा पांढरा पट्टा

वाल्मीक थेटेचा दिवस पावणेपाचला सुरू व्हायचा. गजर लावावा लागत नसे, गुडघेच उठवायचे. उभं आयुष्य उकिडवं बसून फरश्या बसवण्यात गेलेलं, त्यामुळे पहाटेच्या गारव्यात गुडघ्यांना आधी जाग येई, मग त्याला. तो उठून दोन्ही गुडघ्यांना तेल चोळी, कराटेचा पांढरा ड्रेस चढवी, कमरेला पट्टा बांधी आणि आरशात न बघता घराबाहेर पडे. आरशात बघण्यासारखं काही नव्हतं. वय चव्वेचाळीस, मिशा पिकायला लागलेल्या, आणि कमरेला पांढरा पट्टा. तोही तिसऱ्यांदा.

क्लास नाशिकरोडला, नोटांच्या प्रेसच्या वसाहतीमागच्या समाजमंदिरात. तिथली रांग पट्ट्याच्या रंगाने लागते. काळे पहिले, मग तपकिरी, मग निळे-हिरवे, आणि शेवटी पांढरे. पांढऱ्यांत सगळी दुसरी-तिसरीतली पोरं. त्यांच्याही शेवटी, भिंतीला लागून, वाल्मीक. रांगेसमोर उभं राहून हुकूम देण्याचं काम सगळ्यांत वरच्या विद्यार्थ्याचं. त्याला सेनपाई म्हणतात. म्हणजे वाटेवर आपल्या आधी निघालेला सोबती. या क्लासची सेनपाई होती वैष्णवी, नववीतली, वाल्मीकची सख्खी मुलगी.

"रेई," ती म्हणे. म्हणजे वाका. आणि वाल्मीक मुलीपुढे वाके.

शेजारच्या एका दात पडलेल्या पोराने त्याला पहिल्याच आठवड्यात विचारलं होतं, "काका, तुम्ही नापास झाले का?"

"झालो," वाल्मीक म्हणाला. एवढ्याशा पोराला बाकीचं काय सांगणार?

बाकीचं असं होतं. वैष्णवी पहिलीत असताना तो तिला क्लासला सोडायला यायचा आणि पायरीवर बसून राहायचा. क्लास चालवणारे किशोर सर एक दिवस म्हणाले, बसून काय करता, उभे राहा मागे. तो उभा राहिला तो राहिलाच. एकच ठोसा नीट बसेपर्यंत पुन्हा पुन्हा मारायचा, ही गोष्ट त्याला पटली. त्याच्या धंद्यातही तेच होतं.

तेव्हा बाहेरच्या पाटीवर लिहिलेलं होतं गोजू-र्यू. सरांनी पहिल्या दिवशी अर्थ सांगितला. गो म्हणजे कडक, जू म्हणजे मऊ, र्यू म्हणजे प्रवाह. पाय जवळ, अंगठे आत वळलेले, श्वास पोटातून. बाप-लेक दोघं हिरव्या पट्ट्यापर्यंत पोचले. मग सरांच्या संघटनेत फूट पडली. सर दुसऱ्या संघटनेत गेले आणि पेंटरने पाटीवर शोतोकान लिहिलं. सरांनी तोही अर्थ सांगितला. शोतो म्हणजे झाडांतून वारा गेला की पाइनच्या शेंड्यांच्या लाटा होतात, त्या लाटा. ज्यांनी ही पद्धत घातली ते गुरुजी कविता लिहीत, तेव्हा हे नाव घेत. कान म्हणजे दालन. वाल्मीकला लाटा आवडल्या. पण शोतोकानमध्ये पाय लांब टाकायचा, इतका खाली बसायचं की मांडी पेटते. जवळ पाय ठेवायची सवय लागलेली. ती मोडायला त्याला अडीच वर्षं लागली. त्या वेळी सगळा क्लास पांढऱ्यापासून सुरू झाला होता, खुद्द सरही. त्यामुळे राग आला तरी कुणावर काढायचा हाच प्रश्न होता.

दोघं पुन्हा चढले. तपकिरी पट्टा आला. काळा एका परीक्षेवर राहिला आणि पाटी पुन्हा पुसली गेली.

या वेळी कारण मार्कांचं होतं. त्या संघटनेच्या स्पर्धा दहावीच्या वाढीव मार्कांना चालेनात. पालक सरांच्या मागे लागले. सरांना पोट होतं, त्यांनी मार्क चालतील ती संघटना धरली. पाटीवर वाडो-र्यू आलं. वाडो म्हणजे सलोख्याचा मार्ग.

"घरात तरी येऊ द्या तो," उज्वला म्हणाली. उज्वला वाल्मीकची बायको, मखमलाबादच्या फूलशेतीवाल्या घरातली. तोंड फुलांसारखं नव्हतं.

या खेपेला पांढऱ्याकडे जायची सक्ती नव्हती. एक दिवसाचं शिबिर करायचं, फी भरायची, की जुना रंग नव्या पद्धतीत चालू. तपकिरीवाल्यांनी थोडी जास्त फी भरली की थेट काळा. सरांनी वाल्मीकला बाजूला घेऊन समजावलं, तसा माणूस चांगला होता.

"वाल्मीकभाऊ, इतकी वर्षं घासलीत. घेऊन टाका काळा."

"मला यातलं काय येतं, सर?"

"येईल की नंतर."

"फरशीखाली माल नंतर भरत नाहीत."

सर हसले. वाल्मीक हसला नाही. फरशी बसवून झाली की तो थापीच्या दांड्याने कोपऱ्या-कोपऱ्यावर टकटक करी. खाली सिमेंट-वाळूचा माल नीट भरलेला असला की भरीव आवाज येतो, नसला की बोदा. वरून दोन्ही फरश्या सारख्याच दिसतात. बोदी वाजली की ती तो उचकटी, मालक नको म्हणाला तरी. त्यामुळे ठेकेदार त्याच्यावर कायम वैतागलेले असत आणि कामही त्यालाच देत.

स्वतःसाठी त्याने नकार दिला आणि पांढरा पट्टा बांधला. मुलीसाठी मात्र त्याची जीभ उचलली नाही. उज्वला म्हणाली, तुम्हाला व्हायचं ते व्हा, पोरीच्या मार्कांचं कोण बघणार? वैष्णवीलाही काळा हवा होता. चौदाव्या वर्षी कुणाला नको असतो? वाल्मीकने फी भरली. गंगापूर रोडच्या एका बंगल्याच्या जिन्याची मजुरी त्यात गेली. काळ्या पट्ट्यावर सोनेरी दोऱ्याने तिचं नाव आलं.

"तिसऱ्यांदा पहिलीत बसणारा बाप मी पहिल्यांदाच बघतेय," उज्वलाने शेजारी सुमनबाईंना ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं.

वाडोने वाल्मीकला छळलं. इथे ठोसा अडवायचा नाही, अंगावर येऊ द्यायचा आणि बोटभर बाजूला सरकायचं. इथे उभं राहायचं जवळजवळ ताठ. "उठा, वाल्मीकभाऊ, उठा थोडे, इतकं खाली नाही," सर ओरडत. हेच सर मागची चार वर्षं "खाली बसा" म्हणून ओरडले होते. वाल्मीक उठे आणि दोन पावलांत पुन्हा खाली जाई. शेजारचं दात पडलेलं पोरगं एकदाच बघून बरोबर करी, कारण त्याला आधीचं काही विसरायचंच नव्हतं. घरी येऊन वाल्मीक पोह्यांची ताटली आदळे. नाव बदलायला पेंटरला एक सकाळ लागते. पायाला वर्षं लागतात, आणि ती कुणी भरून देत नाही.

वैष्णवीला हे सगळं सोपं गेल्यासारखं दिसायचं. ती समोर उभी राहून आकडे मोजायची, पोरांचे हात सरळ करायची. स्वतः क्वचितच करून दाखवायची. ते वाल्मीकच्या लक्षात आलं होतं.

डिसेंबरात संघटनेची राज्य स्पर्धा नाशिकलाच आली. एकाच पद्धतीची स्पर्धा, म्हणजे पंच वाडो बघणार, दुसरं काही नाही. वैष्णवीला काता करायचा होता. काता म्हणजे समोर कुणी नसताना ठरलेल्या क्रमाने केलेली लढाई. वाल्मीकने खाडा केला, उज्वला नवी साडी नेसून आली. समोरची मुलगी इगतपुरीची होती, निळ्या पट्ट्याची, आधी तिने केलं. साधंच केलं.

मग वैष्णवी उतरली. सुरुवात छान झाली. आवाज खणखणीत, मान ताठ. वाल्मीक तोंडाकडे बघतच नव्हता, तो पायांकडे बघत होता. चौथ्या वळणावर तिला दडपण आलं, ते त्याला पायांत दिसलं. पाय लांब पडला. पुढचा आणखी लांब. ती खाली खाली बसत गेली. भीती वाटली की अंग जुनंच बोलतं, आणि तिच्या अंगाला वाडो कधी शिकवलंच नव्हतं. शेवटच्या वळणावर तर पाय जवळ येऊन अंगठे आत वळले. ते गोजूचं, तिच्या पहिलीतलं.

पाच पंच, पाच झेंडे. पाचही समोरच्या मुलीकडे गेले.

"पार्श्यालिटी," उज्वला म्हणाली. वाल्मीकने तिला गप्प राहायला सांगितलं. तिने पुढचे दोन तास ते पाळलं, यावरून तिलाही काय ते कळलं असावं.

घरी वैष्णवी ड्रेस न बदलता ओट्याशी टेकून उभी राहिली. वाल्मीक हत्यारं पुसत बसला होता. त्याला तिच्यावर रागवायचं होतं आणि रागवता येत नव्हतं. पोकळ राहिलेली फरशी त्याने स्वतःच्या मजुरीने बसवली होती. तीही त्याच्याच घरात.

"पप्पा, बोला ना काहीतरी."

"काय बोलू?"

तिने त्याच्या हातातल्या थापीकडे बोट केलं. मग म्हणाली, "बोदी फरशी काढता, तेव्हा शेजारच्या फुटतात?"

"नीट काढली तर नाही."

"वेळ लागतो?"

"बसवण्यापेक्षा जास्त."

तिने पट्ट्याची गाठ सोडली, पट्टा घडी करून कपाटात साड्यांखाली सारला. उज्वला मार्कांचं म्हणाली. वैष्णवीने सांगितलं की हरल्यावर मार्क मिळत नाहीत, आणि पुढच्या वर्षी याच पायांनी गेले तर पुन्हा हरेन. उज्वलाने कणीक नको तेवढी मळली.

सरांना पटलं नाही. काळा उतरवता येत नसतो, असं कुणी करत नाही, बाकीचे पालक मला विचारतील, असं सगळं ते बोलले. दहावी होईपर्यंत तू जेमतेम हिरव्यापर्यंत पोचशील, हेही त्यांनी सांगितलं, आणि ते खरंच होतं. वैष्णवी मान खाली घालून ऐकत राहिली, पण हलली नाही. शेवटी सर म्हणाले, तुमच्या घराण्यातच खोट आहे, ये सोमवारपासून पांढऱ्यात. नवा पांढरा रांगेच्या टोकाला उभा राहतो, हा नियम. म्हणजे आता भिंतीला लागून ती उभी राहणार आणि वाल्मीक एक जागा पुढे सरकणार. या तिसऱ्या खेपेतली त्याची ही पहिली बढती. ती त्याला नको होती.

शनिवारी ठेकेदाराने मजुरी वाटली. वाल्मीक पँट न बदलता, सिमेंटच्या हातांनीच मेन रोडवरच्या खेळाच्या दुकानात गेला. दुकानदाराने ओळखून विचारलं, परीक्षा झाली वाटतं, कोणता रंग देऊ?

वाल्मीकने बोट दाखवलं. दुकानातला सगळ्यांत स्वस्त पट्टा तो, नाव न भरलेला. पोरीच्या मापाचा एक पांढरा.