झेरॉक्सच्या दुकानातली मुलगी

शालिमार चौकाजवळच्या दुकानात मी आमच्या संघटनेची पत्रकं झेरॉक्स करायला जायचो. मशीनवर मालकाची भाची असायची. तिचं नाव मी कधी विचारलं नाही. कागदांची थप्पी टेबलावर आपटून सरळ करतानाही तिचं लक्ष मोबाइलवरच्या कार्टूनमध्ये असे.

एकदा तिनं मलाही ते दाखवलं. जादूच्या राज्यातले गुलाम सम्राटाविरुद्ध उठले होते. मी खूश झालो. "अगं, हे तर आमचंच राजकारण!" पुढे बंडखोरांच्या सेनापती मुलीनं राजकन्येचं चुंबन घेतलं आणि मी मान फिरवली.

ती हसली. "काका, सिंहासन उलथलेलं चालतं तुम्हाला. दोघींनी संसार मांडलेला नाही चालत." मग हळूच म्हणाली, "माझीपण एक आहे. येवल्याला असते."

दुसऱ्या दिवशी मी तिच्या मामाला सगळं सांगितलं. काळजीपोटी सांगितलं, असं आजवर म्हणत आलो. ते खोटं आहे. तिच्या हसण्याचा मला राग आला होता.

महिन्याभरात तिचं लग्न लावून दिलं. मशीनवर मामा बसला. "उपकार झाले, सर," तो म्हणाला.

पत्रकं घेऊन मी सभेला गेलो आणि समतेवर तासभर बोललो.