क्लोदचं टोपडं

"आधी येऊ दे, मग नाव घे."

दातांनी दोरा तोडायचा, तुकडा बोटानं उडवायचा आणि हे म्हणायचं. आपाचं तोंड एकदा दोऱ्याला लागलं की हे वाक्य आलंच म्हणून समजा. मुंबईहून आगबोट यायची असली आणि कुणी म्हणालं, उद्या बोट येणार, की आपा म्हणणार, आधी येऊ दे. बोटीतून हापूसच्या पेट्या यायच्या असल्या आणि आम्ही बायका आमरसाच्या गप्पा मारू लागलो, की आपा म्हणणार, आधी येऊ दे. एकदा गल्लीत वीज येणार म्हणून खांब रोवले तेव्हा तिनं कंदिलाच्या काचा मुद्दाम नव्या मागवल्या. आणि मेली खरी ठरली. खांब उन्हाळाभर नुसते उभे राहिले आणि आम्ही सगळ्या तिच्याकडे काचा मागायला गेलो.

तुमच्याही आळीत असं एखादं माणूस असेलच. पुढच्या गोष्टीला आज हात लावू न देणारं. आमचं ते माणूस दुबईत होतं, देरा बाजूला, खाडीपासून हाकेच्या अंतरावर. तेव्हाची दुबई म्हणजे आजची डोळ्यांपुढे आणू नका. गोडं पाणी गाढवांच्या पाठीवरून डब्यांतून यायचं, उन्हाळ्यात सगळं गाव गच्चीवर झोपायचं. खाडीवर पूल झाला होता, पण आम्ही बायका पलीकडे जायला अब्राच धरायचो, कारण होडीत बसलं की गप्पा होतात. आमची गल्ली निम्मी रत्नागिरीकडची होती. आमचे हे बोटींच्या एजंटाकडे कारकून, आपाचे यजमान लाँचीवर सारंग, म्हणजे खलाशांचे म्होरके. ते बसऱ्याला आणि कराचीला, आपा शिवणाच्या मशीनला.

मशीन हाताचं होतं, पायाचं नव्हे. आपाचा डावा पाय अधू होता. चालताना ती उजवीकडे झुकायची, मग डावा पाय अर्धं वर्तुळ काढून पुढे यायचा. पायाला काय झालं असं कुणी विचारलं तर प्रत्येकाला नवी गोष्ट. एकीला सांगितलं माडावरून पडले, दुसरीला सांगितलं उंटानं लाथ मारली. कोकणात उंट कुठला, हे त्या बाईच्या डोक्यात आलंच नाही. मला मात्र एकदा खरं सांगितलं, की ती पोटात असताना तिच्या आईनं ग्रहणात मासळी कापली. हे ती हसत सांगत नव्हती. त्यावर तिचा पक्का विश्वास होता.

आपा बाळांचे कपडे शिवायची. झबली, टोपडी, कुंच्या. गल्लीतलं एकही मूल तिच्या टोपड्याशिवाय वाढलं नाही. टोपड्यावर ती रेशमानं मुलाचं नावही काढायची, पण सातव्या दिवशी नाव ठेवलं की मगच. पोटातल्या मुलाचं नाव घेतलं की नजरेला पत्ता मिळतो, असं ती म्हणायची. हे आमच्या सगळ्यांच्याच घरी मानायचे, पण आपासारखं कडक कुणी नव्हतं.

आणि दुसरं एक, जे कुणी मोठ्यानं बोलत नसे. पोटुशी बाईनं अधू माणसाकडे बघू नये, असं आमच्या गल्लीतल्या एक म्हाताऱ्या नानी नव्या सुनांच्या कानात सांगायच्या. ते आपाच्या कानावर गेलेलं होतं. म्हणून ती भरल्या पोटाच्या बाईच्या घरात पाऊल टाकत नसे. ओट्यावर बसायची, आतल्या दाराकडे पाठ करायची आणि कापड बाहेर मागवायची. माझ्या वेळी मी दहादा म्हटलं, आपा आत ये, चहा घे. "चहा इकडेच दे पोरी, वारा बरा आहे," म्हणाली. वारा कसला, ओव्हनमधून आल्यासारखी झळ होती. पण ती उठली नाही.

तर अशात आमच्या गल्लीच्या तोंडाशी, वरच्या मजल्यावर, एक फ्रेंच जोडपं राहायला आलं. साहेब समुद्रात तेल शोधणाऱ्यांपैकी. महिन्यातले बरेच दिवस पाण्यावर असायचा. मेमसाहेब एकटी, उंच, नाकावर उन्हानं सोललेली आणि पोटुशी. फ्रेंच आम्हाला येत नव्हतं, मराठी तिला. मी रत्नागिरीच्या शाळेत शिकलेलं इंग्रजी आणि तिचं मोडकं इंग्रजी यांवर काम चालायचं. आमची जोडी बघून आमचे हे म्हणायचे, दोन पांगळ्या मिळून एक माणूस झालंय.

मेमला झबली-टोपडी हवी होती. मी आपाला घेऊन गेले. आपा जिन्याच्या खालच्या पायरीवरच बसली, पाठ फिरवून. मेम वरून बघत राहिली, मग स्वतःच जड पोटानं खाली उतरली, आपाचा हात धरला आणि म्हणाली, "यल्ला." यल्ला म्हणजे चल; दुबईत येऊन एवढा एक शब्द ती शिकली होती आणि सगळीकडे तोच वापरायची. आपा नको नको म्हणत होती, मी सांगायचा प्रयत्न करत होते, पण मेमनं तिला ओढत वर नेलंच. खुर्चीवर बसवलं, अगदी समोर. आपाला कुठे बघावं कळेना. ती सारखी पदराशी चाळा करत राहिली.

मग मेमनं सांगितलं, टोपड्यावर नाव पाहिजे. क्लोद.

आपानं माझ्याकडे पाहिलं. "मुलगा की मुलगी ते अल्लाला ठाऊक, आणि नाव हिला ठाऊक?"

मी मेमला विचारलं. ती म्हणाली, हे नाव दोघांनाही चालतं, म्हणून तर निवडलं. बाळंतपणाला ती विमानानं बैरूतला जाणार होती, तिकडे फ्रेंच डॉक्टर होते. जाताना नाव बरोबर न्यायचं होतं. हट्टच होता म्हणा. मी आपाला सगळं सांगितलं. आपानं दोरा नसताना दात दाबले आणि म्हणाली, "आधी येऊ दे, मग नाव घे. टोपडं देते. नाव नाही."

मेमच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. एवढ्याशा गोष्टीला बाई रडते काय, असं मला वाटलं. ती मला समजावू लागली, नाव किती चांगलं, किती जुनं. फार पूर्वी रोममध्ये या नावाचं एक बडं घराणं होतं. पुढे त्यांच्या देशात या नावाचा एक संत झाला, मोठा पूजनीय पुरुष. पुढे एका राणीचंही हेच नाव होतं. इतकी भली राणी, की लोकांनी एका हिरव्या गोड फळाला तिचं नाव दिलं आणि आजही बाजारात ते फळ त्याच नावानं मिळतं. शिवाय तिच्या आजीचं नाव क्लोद होतं. हे सगळं मी आपाला मराठीत सांगत गेले. फळाचं ऐकून आपा म्हणाली, म्हणजे त्यांचा हापूस. मला वाटलं, विरघळली.

आणि मी मूर्खासारखं मेमला विचारलं, पण त्याचा अर्थ काय?

मेम सहज बोलून गेली. लॅटिनमधला जुना शब्द आहे, लंगडणारा. बोलली आणि तिची नजर आपाच्या पायाकडे गेली. मग ती कानापर्यंत लाल झाली आणि सावरायला म्हणाली, ती राणीही थोडी लंगडायची म्हणतात.

"काय म्हणाली?" आपानं विचारलं.

मी म्हटलं, काही नाही.

"एवढी लाल झाली आणि काही नाही? सांग की."

सांगितलं. काय करणार? म्हटलं, आपा, त्याचा अर्थ लंगडा. किंवा लंगडी. म्हणतात, ती राणीपण थोडी लंगडायची.

आपानं पदर सावरला. मला वाटलं आता उठते. पण तिनं प्रथमच मेमकडे सरळ बघितलं, तोंडाकडे आणि मग पोटाकडे, आणि मला म्हणाली, "हिला विचार, आधीची किती गेली."

असलं कुणी विचारतं का? पण आपाचा आवाजच असा होता की मी विचारलं. मेमनं दोन बोटं दाखवली. मग तोंड झाकून घेतलं.

"मग बरोबर आहे," आपा म्हणाली. "ही शहाणी बाई आहे."

आता तुम्हाला समजलंच असेल. आपल्याकडे मुलं वाचत नसली की पुढच्याला धोंडू म्हणतात, दगडू म्हणतात. आपाच्या पाठच्या भावाचं नाव भिकन. नाव असं ठेवायचं की नजरेनं म्हणावं, हे कशाला न्यायचं, टाकाऊ आहे. आपानं आपल्या हिशेबानं ताडलं, की फ्रान्समध्येही हीच रीत, आणि रोमच्या घराण्यापासून राणीपर्यंत सगळ्यांची आधीची मुलं गेलेली असणार. मी सांगू शकले असते, की अगं, आजीचं नाव आहे, अर्थाकडे तिकडे कुणी बघत नाही. पण आपा मशीनवर बसताना बसते तशी ताठ बसली होती. मी गप्प राहिले आणि आजतागायत मला त्याचा आनंद आहे.

कारण आपानं नाव काढलं. पहारा देणारं नाव मूल यायच्या आधीच लागतं, असं म्हणाली. मी खडूनं इंग्रजी अक्षरं लिहून दिली, तिनं त्यावरून हिरवं रेशीम फिरवलं, त्या राणीच्या फळासारखं. फक्त शेवटचं अक्षर अर्धंच ठेवलं. "एवढं आल्यावर," म्हणाली. मेमनं टोपडं छातीशी धरलं, त्या अर्ध्या अक्षरासकट, आणि बैरूतला गेली.

उन्हाळा सुरू झाला. आपा रोज माझ्या दारात येऊन विचारायची, काही कळलं? जिला आंबे आल्याशिवाय आंब्यांचं नाव चालत नव्हतं, ती क्लोदचं नाव दिवसातून चारदा घेत होती. शेवटी साहेबाच्या कंपनीतून निरोप आला: क्लोद आलं, दोघंही ठीक. मुलगा की मुलगी, त्यात काही नव्हतं. गल्लीत वाद सुरू झाले. आमचे हे म्हणायचे मुलगा, नानी म्हणायच्या मुलगी. आपाला विचारलं तर म्हणाली, "आलं ना? खलास." आणि त्या दिवशी तिनं सगळ्या गल्लीला गोड शेवया खायला घातल्या.

हवा थंड झाल्यावर मेम परत आली. मुलगी होती, गोल तोंडाची. आपानं आधी बाळ घेतलं नाही, आधी टोपडं मागितलं. तिथंच बसून अर्धं अक्षर पुरं केलं, दोरा तोडला आणि टोपडं क्लोदला घालायला गेली. ते तिच्या डोक्यात शिरेना. पोरगी चांगली बाळसेदार झाली होती. आपा हसता हसता खाली बसली.

त्यानंतर क्लोद आमच्या गल्लीचीच झाली. मेम बाजारात गेली की आपाकडे, मेम झोपली की आपाकडे. पुढच्या हिवाळ्यात ती चालायला लागली आणि एक दिवस मेम पांढरीफटक होऊन माझ्याकडे आली. क्लोद लंगडत होती.

मी बघितलं. खरंच. पोरगी उजवीकडे झुकायची आणि डावा पाय अर्धं वर्तुळ काढून पुढे यायचा. आम्ही अब्रा करून पलीकडे डॉक्टरकडे गेलो. डॉक्टर आपल्या हिंदुस्थानातलेच. त्यांनी पाय दाबला, वाकवला, गुदगुल्या केल्या. मग हिंदीत मला विचारलं, घर में कोई ऐसे चलता है?

मी मेमला सांगितलं. आम्ही दोघी एकमेकींकडे बघत राहिलो आणि मग जे हसलो, ते परतीच्या होडीतही आमचं हसू थांबेना. होडीवाला म्हणाला, बायांनो, होडी बुडेल.

पण आपाला कळल्यावर ती हसली नाही. तिचं तोंड उतरलं. "नानी खरं बोलत होत्या," एवढंच म्हणाली आणि दार लावून घेतलं. क्लोद दारावर थापा मारायची, आपा उघडायची नाही. मशीनही बंद. मी बाहेरून किती समजावलं, आपा, वेडी का तू, पोर नक्कल करतंय. इतकी वर्षं ओट्यावर पाठ करून बसलेली बाई, एका घरात शिरली, आणि तिला वाटलं तिथंच आपण पोराला आपलं लंगडणं लावलं.

मग मेम आली. क्लोदला दारासमोर उभं केलं आणि मला म्हणाली, हिला सांग. मी दाराला तोंड लावून सांगितलं.

"आपा, ती म्हणते, माझी मुलगी चालते आहे. कशी का चालेना."

कडी निघाली. क्लोद झुकत, पाय फिरवत, थेट आत गेली आणि आपाच्या मांडीवर पडली. आपानं तिला घट्ट धरलं आणि रडता रडता म्हणाली, "आधी येऊ दे म्हणायचे मी. बघ, माझीच चाल घेऊन आली."

उरलेला सगळा हिवाळा गल्लीनं दोघींना तसंच पाहिलं. पुढे आपा, मागे क्लोद, दोघी एकाच बाजूला झुकत पाणी घ्यायला निघालेल्या. नानीसुद्धा तोंडाला पदर लावून हसायच्या. आणि पुढच्या खेपेला एका पोटुश्या सुनेनं हाक मारली, तेव्हा आपा ओट्यावर थांबली नाही. सरळ आत गेली आणि चहा मागितला.

मग गावी दिलेल्या आपाच्या लेकीला दिवस गेले. पहिलं बाळंतपण आईकडेच व्हायला हवं, म्हणून आपा गावी निघाली. सारंगही थकले होते, तेही लाँच सोडून निघाले. धक्क्यावर सगळी गल्ली आली होती. आगबोट लांब नांगरलेली, तिथवर लाँच नेणार. मशीन पोत्यात बांधलेलं. मी चिडवायला म्हणून विचारलं, आपा, नातवाचं नाव काय ठेवणार? तिनं सवयीनं दात दाबले. "आधी येऊ दे." आणि परत कधी येणार, हे मी विचारलं तेव्हा तिनं तेच उत्तर दिलं. क्लोद धक्क्यावरून तिच्या मागे लंगडत निघाली, साहेबानं तिला उचलून घेतलं.

आपा परत आली नाही. गावी नातवंडांत रमली, असं येणारे-जाणारे सांगायचे.

ती जाऊन महिना झाला असेल, मेमनं मला हौसेनं वर बोलावलं. क्लोदला खोलीच्या त्या टोकाला उभं केलं आणि हाक मारली. पोरगी तुरुतुरु चालत आली, दोन्ही पायांवर सरळ, कुठेही न झुकता. मेम टाळ्या वाजवत होती. मीही वाजवल्या, क्लोदला उचललं, मुका घेतला. मग खाली आले आणि जिन्याच्या शेवटच्या पायरीवर, जिथं आपा पहिल्यांदा पाठ करून बसली होती तिथं बसून, हमसून हमसून रडले.