धवलेरीची शपथ

मासवणच्या लाडकीने दारोदार फिरून मतं मागितली असं कुणी सांगितलं, तर सांगणाऱ्याने सकाळीच ताडी घेतली आहे असं खुशाल समजावं. तिला मागायची गरजच काय होती? वारल्यांच्या लग्नात भटजी नसतो. भिंतीवर देवीचा चौक लिहून झाला की धवलेरी त्याच्यासमोर बसून गाते, आणि तिचं गाणं पुरं झालं की लग्न लागलं. मासवणपासून मनोरपर्यंतच्या पाड्यांत वीस वर्षं ते गाणं लाडकीचं होतं. कोण कुणाबरोबर पळाली, कोणता नवरदेव हळदीत रडला, कोणत्या विहिणीने भर मांडवात कुणाच्या झिंज्या धरल्या, सगळं तिच्या पोटात. अशा बाईला नाही म्हणायची छाती कुणाची?

बासष्ट साली ती पंचायत समितीवर गेली. पहिल्याच बैठकीत सभापतींनी तिला चहा आणायला सांगितला. तिने आणला आणि किटली सभापतींच्या मांडीवर ओतली. मासवणचे लोक म्हणतात, ओतली नाही, कलंडली. सभापती पुढचे पंधरा दिवस धोतर सैल नेसत होते, यावर मात्र कुणाचं दुमत नाही.

चौसष्टच्या गवतकापणीत गोष्ट किटलीवर थांबली नाही. मनोरचे कमलाकांतशेठ गवताचे मोठे ठेकेदार. त्यांच्या मुकादमाने सात महिन्यांच्या पोटुशीला लाथ घातली, तेव्हा लाडकीने दोनशे माणसांचे विळे खाली ठेववले. शेठची माणसं काठ्या घेऊन माळावर उतरली. त्या मारामारीत लाडकीच्या डाव्या हाताची दोन बोटं मोडली, आणि मुकादमाच्या कानाची पाळी गेली. ती लाडकीने चावून तोडली होती. तिचा नवरा चिंधू त्या दिवशी गवताच्या गंजीत लपून बसला होता. पोलीस गेले तरी बाहेर येईना, शेवटी लाडकीनेच पाय धरून ओढला.

सदुसष्टच्या सुरुवातीला विधानसभेची निवडणूक आली. जागा आदिवासींसाठी राखीव. शेठना स्वतःला उभं राहता येत नव्हतं, म्हणून त्यांनी आपल्या वखारीचा राखणदार दादू याला कोरा सदरा शिवून उभा केला. दादू गरीब माणूस. शेठ म्हणाले बस की बसायचा, ऊठ की उठायचा. लाडकी उभी राहणार हे कळलं तेव्हा तो शेठना म्हणाला होता की मग आपला काय उपयोग, तर त्याला गप्प बसायला सांगण्यात आलं.

शेठच्या वकिलाने शेठच्या कानात एक नवी गोष्ट घातली. या खेपेपासून उमेदवाराने अधिकाऱ्यासमोर स्वतःच्या तोंडाने राज्यघटनेची शपथ घ्यायची होती. शपथ नाही तर अर्ज बाद. शेठनी यावर दोन दिवस विचार केला. बाईला मारून टाकलं तर पाडे पेटतील. तोंडच तेवढं निकामी केलं तर अर्जही गेला आणि प्रचाराचं गाणंही गेलं.

माणसं निवडतानाही त्यांनी डोकं चालवलं. ज्यांची लग्नं लाडकीने लावली ते तिच्यावर हात उचलणार नाहीत, हे त्यांना कळत होतं. म्हणून त्यांनी लग्न न झालेले सहा जण वेचून काढले. या सहांवर तिचे काय उपकार? हिशेब बिनचूक वाटत होता. पण शेठच्या जातीत लग्नाआधी मुलगी उंबरा ओलांडत नाही, त्यामुळे बिनलग्नाचा म्हणजे सडाफटिंग, अशी त्यांची समजूत. वारल्यांत जोडपी आधी संसार मांडतात, पोरं होतात, आणि जमेल त्या वर्षी मांडव घालतात. सहाच्या सहा जणांच्या घरी बायका होत्या, आणि सहाही बायका वर्षानुवर्षं त्या मांडवाची वाट पाहत बसल्या होत्या. त्यांच्या म्होरक्याची, बुधाची, सोमी तर सात वर्षं. सहाही लग्नं येत्या चैत्रात, एकाच मांडवात, लाडकीच्या गाण्याने लागायची ठरली होती. बुधाच्या हे ध्यानात आलं नाही असं नव्हे. शेठनी पाजलेल्या बाटलीने ते पुसून टाकलं होतं.

अर्जाचा शेवटचा दिवस. दुपारी तीनच्या आत पालघरच्या कचेरीत पोचायचं होतं. लाडकी आणि चिंधू सकाळी निघाले. अर्जावर सूचक म्हणून अंगठा चिंधूचाच लागायचा होता, नाहीतर तो कशाला येतो. सूर्या नदीच्या उतारावर सहा जण आडवे आले. बुधाला पाहून लाडकी थांबली, आणि चैत्रातल्या मांडवाला आंब्याचे टाळे कुठून आणणार असं तिने विचारलं. ती खरंच त्यासाठीच थांबली होती.

पहिली काठी चिंधूच्या खांद्यावर पडली. हाड मोडल्याचा आवाज लाडकीने ऐकला. ती मध्ये पडली तशी दोघांनी तिचे हात मागे पिळले, एकाने केस धरून मान वर केली, आणि बुधाने काठीचं टोक सरळ तिच्या तोंडात मारलं. एकदा, दोनदा, मोजून चार वेळा. पुढचे दात घशात गेले. ओठ फाटून लोंबू लागला. ती खाली पडल्यावर एकाने टाचेने जबडा दाबला. तिला मरणाची भीती वाटली नाही. जीभ जागेवर आहे का, एवढंच ती चाचपत होती.

खाली नदीवर बायका धुणं धूत होत्या, त्यांत सोमी होती. ओरडा ऐकून त्या ओल्या लुगड्यांनिशी वर धावल्या. सोमीने आधी लाडकीचं तोंड पाहिलं, मग बुधाच्या हातातली काठी पाहिली. काठीच्या टोकाला दात रुतला होता.

"आता आमचा लगीन कोन लावील?" तिने विचारलं. "तू गाशील?"

बुधाने काहीतरी उत्तर द्यायला तोंड उघडलं. सोमीने कमरेचा कोयता काढून त्याची बोथट बाजू त्याच्या गुडघ्यावर घातली. वाटी फुटली. तो पडला, तरी ती घालतच राहिली, आणि प्रत्येक घावाला एकेक वर्ष मोजत होती. सात झाले तेव्हा थांबली. बाकीच्या बायकांनी धुण्याची धोपाटणी घेतली होती. एकाचं नाक सपाट झालं, एकाच्या फासळ्या गेल्या. दोघे नदीत उड्या टाकून पळाले, आणि पाण्यात दगड बसतात की नाही ते त्यांना कळलं. सहावा गुडघे टेकून रडत होता. त्याला त्याच्या बाईने रडू दिलं आणि मग मारलं.

ऊन कलायला लागलं तेव्हा कुठे मनोरकडून ट्रक आला. गवताच्या गासड्या, शेठचाच माल, पालघर स्टेशनाला चाललेला. ड्रायव्हर उतरेना, तेव्हा बायकांनी त्याला मिशीला धरून खाली घेतला आणि कोयता दाखवून परत वर बसवला. लाडकीला गासड्यांवर निजवलं, चिंधूला शेजारी टाकलं. वाटेत सोमी सारखी विचारत होती, बोलता येते का, बोलता येते का. लाडकीने तिचा हात दाबला, तोंड उघडलं नाही. असेल नसेल तेवढा आवाज ती पोटात धरून होती.

कचेरीत पोचले तेव्हा तीनला वीस मिनिटं कमी होती. साहेब घाटावरचे, नियमाला चिकटून बसणारे. बाकावर शेठ, शेजारी कोऱ्या सदऱ्यातला दादू. लाडकीला पाहून साहेब उठून उभे राहिले आणि आधी दवाखान्यात जा म्हणाले. तिने नाही म्हणून मान हलवली. चिंधूचा उजवा हात लोंबत होता, पण त्याने डाव्या हाताने तो उचलून शाईवर ठेवला आणि अंगठा उठवला. आयुष्यात पहिल्यांदाच तो कशातून पळाला नाही, असं मासवणात अजून सांगतात.

साहेबांनी शपथेचा एकेक शब्द वाचायचा आणि लाडकीने तो म्हणायचा असं ठरलं. तिने सुरुवात केली. वारा आणि रक्त बाहेर आलं, शब्द आला नाही. पुन्हा केली. साहेबांच्या कागदावर थेंब पडले. शेठ उठले आणि अदबीने म्हणाले की हे कुणालाच समजत नाही, कायद्याने ही शपथ झाली नाही. साहेबांनी घड्याळाकडे पाहिलं. शेठचं म्हणणं त्यांना खोडता येईना.

तेव्हा लाडकीने डोळे मिटले आणि चौकासमोर बसते तशी जमिनीवर बसली. बोलायला दात लागतात, सूर लांबवायला लागत नाहीत. तिने शपथेचा पहिला शब्द लग्नाच्या चालीवर घेतला, अक्षर अक्षर ओढत, फाटक्या ओठातून. बाहेर पायऱ्यांवरच्या बायकांनी सवयीने तो झेलला आणि परत म्हटला. साहेबांनी त्यांना गप्प केलं. लाडकी एकटीच गात राहिली, निष्ठा, श्रद्धा, देशाची एकता, सगळं. मध्ये दोनदा थांबून ती थुंकली.

"हे गाणं आहे," शेठ म्हणाले. "एक शब्द कुणाला कळला असेल तर मी मिशी उतरवतो."

साहेब पेन हातात धरून बसले होते. दादू बाकावरून उठला. त्याचं लग्न याच आवाजाने लागलं होतं, आणि तो आवाज सुरू झाल्यापासून त्याने हात जोडले होते ते सोडले नव्हते.

"मना समजला, सायेब," तो म्हणाला. "सगळा समजला. परत म्हनून दावू?"

शेठनी तिथंच त्याच्या थोबाडीत मारली. साहेबांनी ती पाहिली, घड्याळ पाहिलं, आणि समोरचा उमेदवारच समजलं म्हणतोय तिथे हरकतीला काय अर्थ उरला, असं म्हणत सही केली. तीनला चार मिनिटं कमी होती. शेठ पायऱ्या उतरले तेव्हा बायका खाली उभ्या होत्या. शेठची मिशी वस्तऱ्याने उतरली की हाताने उपटली, यावर पालघरात दोन तट आहेत.

फेब्रुवारीत लाडकी निवडून आली. वैऱ्यांनी निकालाच्या दुसऱ्या दिवशी तिचं घर जाळलं, तरी चैत्रातली पाच लग्नं तिने लावली. सहाव्याला, बुधाच्या लग्नाला, नकार दिला. सोमीला म्हणाली, दुसरा दादला बघ, तासाभरात लावते. सोमी कबूल होईना. शेवटी लाडकी सोमीच्या नावाने गायला बसली, एका अटीवर. गाणं संपेपर्यंत बुधाने बसायचं नाही.

तो फुटक्या गुडघ्यावर उभा राहिला. एरवी ते गाणं दुपारपर्यंत आटपतं. त्या दिवशी लाडकीने एकही कडवं गाळलं नाही.